हिगिन्स बोटीची खरी करामत पुढच्या फळीत नाही, मागच्या पंख्यापाशी आहे

प्रश्न थोडक्यात असा आहे: दुसऱ्या महायुद्धातली हिगिन्स बोट म्हणजे प्लायवूडची चौकोनी पेटी आणि पुढे धाडकन पडणारी फळी. एवढ्या साध्या वस्तूला युद्ध फिरवणारा शोध का म्हणतात? आणि ती इतकी चांगली होती, तर टारावा (पॅसिफिकमधली प्रवाळबेटं) आणि ओमाहाला (फ्रान्समधल्या नॉर्मंडीचा एक किनारा) माणसं किनारा गाठण्याआधीच का मेली?

फोटोत फळी दिसते, म्हणून सगळे फळीबद्दल बोलतात. पण बोट किनाऱ्यावर चढवणं कुठल्याही तांडेलाला, म्हणजे बोट चालवणाऱ्याला, जमतं. वेगात सोडली की वाळूत घुसते. अवघड काम त्यानंतरचं. मागून लाटा मारत असताना रुतलेली बोट स्वतःच्या इंजिनावर उलटी काढायची, पाण्यातच वळवायची आणि जहाजापाशी नेऊन दुसरी खेप भरायची. चढाईच्या दिवशी एकेका बोटीला अनेक खेपा माराव्या लागतात. पहिल्या खेपेतली बोट किनाऱ्यावर अडकली तर ती कामातून जातेच, वर मागून येणाऱ्या बोटींची वाटही अडवते. म्हणून लँडिंग क्राफ्ट, म्हणजे किनाऱ्यावर फौज उतरवणारी बोट, पारखताना पहिला प्रश्न विचारायचा तो ‘निघते का?’ हा. दुसरा प्रश्न किनाऱ्याचा: उतार किती, तळ कसला आणि त्या घटकेला पाणी किती. टारावा आणि ओमाहाची उत्तरं या दुसऱ्या प्रश्नात आहेत.

आधी शोधाचं पाहू. पहिल्या महायुद्धात २५ एप्रिल १९१५ रोजी तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीत दोस्तांचे बहुतेक सैनिक वाफेच्या लाँचमागे ओढलेल्या वल्ह्यांच्या होड्यांतून उतरले. व्ही बीचवर ‘रिव्हर क्लाइड’ नावाचं कोळशाचं जहाज सुमारे दोन हजार माणसांसह मुद्दाम किनाऱ्याला चढवलं. जहाजाच्या कुशीला दारं कापली होती, दारांपासून नाळेकडे (जहाजाच्या पुढच्या टोकाकडे) जाणाऱ्या अरुंद फळ्या लावल्या होत्या, आणि नाळेपासून किनाऱ्यापर्यंत पडाव (माल वाहायच्या मोठ्या होड्या) जोडून पूल करायचा होता. पडाव प्रवाहात सरकत राहिले. दारातून एकामागून एक बाहेर पडणारी माणसं मशीनगनच्या माऱ्यात सापडली. उतरायची वाट रुंद हवी आणि ती बोटीचाच भाग हवी, हा धडा तिथे रक्ताने लिहिला गेला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गॅलिपोलीतल्याच सुव्हलाला एक्स-लायटर नावाच्या बोटी आल्या: सुमारे १०५ फुटी, स्वतःचं इंजिन, पत्र्याचं कवच, पुढे उतरता रॅम्प, पाचशेच्या आसपास माणसं. म्हणजे पुढून फळी टाकायची कल्पना १९१५ मध्येच पाण्यात उतरली होती. तरी सुव्हलाच्या उपसागरात काही लायटर अंधारात उथळ जागी बसले आणि माणसांना खोल पाण्यात उतरावं लागलं. फळी होती, पण किनारा माहीत नव्हता.

गॅलिपोलीनंतर बऱ्याच सेनाधिकाऱ्यांचं मत झालं की तोफा-मशीनगनसमोर समुद्रातून चढाई होऊच शकत नाही. अमेरिकन मरीन कोअरने ते मानलं नाही. १९३४ साली क्वांटिकोला त्यांनी अशा चढाईची नियमपुस्तिका तयार केली आणि कॅरिबियनमधल्या कुलेब्रा बेटावर सराव सुरू केले. सरावात जहाजाच्या नेहमीच्या होड्या वापरल्या. त्यांचा कणा खोल, पंखा (प्रोपेलर) उघडा, आणि माणसांना काठावरून पाण्यात उडी मारावी लागे. किनाऱ्याला टेकली की होडी एका कुशीवर कलायची आणि पुढची लाट आत यायची.

जपानी सैन्य मात्र पुढे निघून गेलं होतं. त्यांची दाइहात्सु बोट साधारण साडेचौदा मीटरची, डिझेलवर चालणारी, सत्तरेक माणसं किंवा दहा-बारा टन माल घेणारी. पुढे रॅम्प, मागे ओढ-नांगर, आणि नाळेखाली दोन समांतर धारा असलेला तळ, त्यामुळे वाळूत टेकली तरी ती सरळ उभी राहायची. या बोटी पोटात घेऊन जाणारं आणि मागच्या दारातून पाण्यात सोडणारं ‘शिन्शू मारू’ हे जहाजही त्यांनी १९३०च्या दशकाच्या मध्यात बांधलं. १९३७ साली शांघायच्या लढाईत व्हिक्टर क्रुलाक नावाच्या तरुण मरीन अधिकाऱ्याने या बोटींचे फोटो काढून टिपणासह वॉशिंग्टनला पाठवले. तिथे ते फायलीत पडून राहिले.

तिकडे न्यू ऑर्लिन्समध्ये अँड्र्यू जॅक्सन हिगिन्स हा लाकडाचा व्यापारी लुइझियानाच्या दलदलीसाठी बोटी बांधत होता. गिऱ्हाइकं म्हणजे तेल शोधणारे, लाकूडतोडे, फासे लावून शिकार करणारे. त्या पाण्यात खोली नाही, धक्का नाही, ओंडके तरंगताहेत आणि वेली पंख्यात अडकताहेत. हिगिन्सची ‘युरेका’ बोट या अडचणींतून घडत गेली आणि तिचे तीन भाग पुढे युद्धात कामी आले.

पहिला भाग नाळेच्या टोकाचा. तिथे पाइन लाकडाचा एकसंध ठोकळा बसवलेला. ओंडक्यावर, दगडावर किंवा बांधावर पूर्ण वेगात आदळली तरी मार त्या ठोकळ्यावर जातो, फळ्यांचे सांधे उघडत नाहीत. दुसरा भाग नाळेखालचा, चमच्यासारखा गोलसर आणि वर उचललेला तळ. तो पाणी बाजूला कापत नाही, खाली दाबतो. हवा मिसळलेलं फेसाळ पाणी तळाखालून मागे जातं, घर्षण कमी होतं आणि किनाऱ्यावर बोट घसरत वर चढते. तिसरा भाग मागचा, आणि माझ्या मते सगळ्यांत मोलाचा. पंखा आणि त्याचा दांडा तळाला पाडलेल्या अर्ध्या बोगद्यात बसतात, म्हणजे तळाच्या खाली फारसे लोंबत नाहीत. बोट टेकली तरी पंखा वाळूत रुतत नाही. इंजिन उलटं फिरवलं की पंख्याचं पाणी बोगद्यातून पुढच्या दिशेला, तळाखाली ढकललं जातं, तळ आणि वाळू यांच्यामधली पकड धुऊन काढतं आणि बोट मोकळी होते. रॅम्पच्या फोटोंमध्ये हे काहीच दिसत नाही, म्हणून याची चर्चाही होत नाही.

पहिली युरेका बिनफळीची होती, माणसं कडेवरूनच उतरत. १९४१ च्या वसंतात मरीन अधिकाऱ्यांनी क्रुलाकचे दाइहात्सुचे फोटो हिगिन्सला दाखवले. त्याने आपल्या ३६ फुटी बोटीची नाळ कापून रॅम्प बसवला आणि २६ मे १९४१ रोजी पाँचरट्रेन सरोवरावर चाचणी झाली. नाळ कापायची तर चमचा-तळ आणि टोकाचा ठोकळा जागच्या जागी राहिला पाहिजे. म्हणून रॅम्पचा खालचा काठ त्या ठोकळ्याच्या वर येतो. पाणी फोडायचं काम तळ करतो आणि रॅम्प फक्त वरची भिंत असतो. एलसीव्हीपी या नावाने हीच बोट प्रसिद्ध झाली.

तिची मापं पाठ असावीत, कारण पुढचा सगळा हिशोब त्यांवर चालतो. लांबी ११.०५ मीटर, रुंदी ३.३ मीटर, रिकामं वजन ८ टनांच्या थोडं वर. बुड, म्हणजे पाण्याखाली जाणारी खोली, पुढे ०.६६ मीटर आणि मागे ०.९१ मीटर. इंजिन बहुतेक वेळा २२५ अश्वशक्तीचं ग्रे मरीन डिझेल. भरलेल्या बोटीचा वेग ९ नॉटच्या, म्हणजे ताशी ९ सागरी मैलांच्या, आसपास. ३६ सैनिक, किंवा एक जीप आणि १२ माणसं, किंवा सुमारे ३.७ टन सुटा माल. खलाशी चार: तांडेल, इंजिनवाला, नाळेवरचा आणि पिछाडीचा. मागे दोन हलक्या मशीनगन. कूस प्लायवूडची, रॅम्प पोलादी, म्हणून समोरून थोडा आडोसा मिळे. तांडेल मात्र पिछाडीला डाव्या बाजूला उभा, छातीच्या वर उघडा. तो पडला की बोट आडवी झालीच.

नौदलाच्या आरेखन विभागाला न्यू ऑर्लिन्सचा हा व्यापारी पसंत नव्हता. त्यांचे स्वतःचे आराखडे होते. रणगाडा नेणाऱ्या ५० फुटी बोटीचा वाद २५ मे १९४२ रोजी नॉरफोकजवळ समुद्रात मिटला. विभागाची आणि हिगिन्सची अशा दोन्ही बोटी प्रत्येकी एक रणगाडा घेऊन खवळलेल्या पाण्यात निघाल्या. विभागाची बोट उलटायच्या बेतात आली आणि तिला फिरावं लागलं, हिगिन्सची किनाऱ्याला पोचून रणगाडा उतरवून परतली. तीच पुढे एलसीएम-३ झाली. सिनेटर ट्रूमन यांच्या चौकशी समितीनेही या प्रकरणात नौदल विभागाला फैलावर घेतलं. सप्टेंबर १९४३ मध्ये अमेरिकन नौदलाकडे १४,०७२ जलयानं होती आणि त्यांतली १२,९६४ हिगिन्सच्या आराखड्याची होती. संख्येत बोटीच जास्त असल्याने टक्का फुगतो हे खरं, तरी आकडा विचार करायला लावणारा आहे. एलसीव्हीपी सगळ्या कारखान्यांत मिळून २३ हजारांहून अधिक बनल्या. त्या एवढ्या संख्येने बनू शकल्या त्याचं एक कारण लाकूड: पोलाद आणि जहाजबांधणीच्या गोद्या युद्धनौकांत अडकल्या होत्या आणि प्लायवूड सुतारकामाच्या शेडमध्ये जोडता येत होतं. हिगिन्सच्या कारखान्यांत बायका आणि कृष्णवर्णीय कामगार समान कामाला समान मजुरीवर होते, हे त्या काळच्या न्यू ऑर्लिन्समध्ये साधं नव्हतं.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. नॉर्मंडीत दिसणारी प्रत्येक फळीवाली बोट हिगिन्सची नव्हती. ब्रिटिशांची एलसीए ही थॉर्निक्रॉफ्ट कंपनीने आखलेली, साडेएकेचाळीस फुटी, बुटकी, कुशींना चिलखती पत्रा आणि रॅम्पच्या मागे चिलखती दरवाजे असलेली बोट. ६५ अश्वशक्तीची दोन फोर्ड व्ही-८ इंजिनं, आवाज अगदी कमी, पण भरल्यावर वेग जेमतेम सहा नॉट. आत तीन रांगांत बाकांवर ३१ सैनिक. रात्री चोरपावलांनी जायला ती उत्तम, उंच लाटांत मात्र लवकर भरायची. ओमाहाच्या डॉग ग्रीन पट्ट्यावर सगळ्यांत आधी उतरलेली ११६ व्या रेजिमेंटची ए कंपनी याच ब्रिटिश एलसीएतून, ब्रिटिश खलाशांसह आली होती. बोट कुठली हे कळलं की तिथे काय घडलं तेही कळतं. एलसीएचा दरवाजा अरुंद आहे, माणसं एका धारेने बाहेर येतात आणि समोरच्या मशीनगनला एकाच ठिकाणी नेम धरून बसता येतं.

आता मोठं जहाज, एलएसटी. १९४० मध्ये फ्रान्समधल्या डंकर्कहून रणगाडे मागे सोडून परतावं लागल्यावर ब्रिटिशांना समुद्र ओलांडून थेट किनाऱ्यावर रणगाडे उतरवणारं जहाज हवं होतं. व्हेनेझुएलाच्या माराकाइबो सरोवरात चालणारी उथळ बुडाची तेलवाहू जहाजं बदलून त्यांनी सुरुवात केली. नोव्हेंबर १९४१ मध्ये अमेरिकन नौदलातल्या जॉन नीडरमायर यांनी मूळ आराखडा काढला. पेच असा होता की खुल्या समुद्रात टिकायला जहाज खोल बसायला हवं आणि किनाऱ्याला लागायला उथळ. उत्तर निघालं पाण्याच्या टाक्यांतून: समुद्रात टाक्या भरायच्या, किनारा जवळ आला की पंपाने रिकाम्या करायच्या.

किनाऱ्याला लागताना हलक्या भारात एलएसटीचं बुड पुढे साधारण ०.९४ मीटर आणि मागे २.९ मीटर. लांबी १०० मीटर. म्हणजे शंभर मीटरमध्ये १.९६ मीटरचा फरक, ५१ ला १. हे जहाज १:५० उताराच्या किनाऱ्यासाठी आखलंय ते असं: तळाचा उतार आणि वाळूचा उतार जुळतो, पूर्ण तळ एकदम टेकतो आणि रॅम्प कमरेएवढ्या पाण्यात पडतो. आता हेच जहाज १:१०० उतारावर न्या. मागचं बुड २.९ मीटर खोलीला, म्हणजे पाण्याच्या काठापासून २९० मीटरवर टेकतं. नाळ त्याच्या शंभर मीटर पुढे, काठापासून १९० मीटरवर, आणि तिथे पाणी १.९ मीटर. ट्रक बुडतो, माणूस बुडतो. हा हिशोब करून पाहिल्याशिवाय लँडिंगचा कुठलाही इतिहास नीट समजत नाही. हिगिन्स बोटीचा हिशोब याच रीतीने करता येतो: १:१०० वर तिचं मागचं बुड काठापासून ९१ मीटरवर टेकतं, आणि सैनिक ८० मीटरवर, ०.८ मीटर पाण्यात उतरतो. कमरेच्या जवळ पाणी, पाठीवर ओझं, आणि समोर ८० मीटर उघडं.

उथळ उतारावरचे उपाय दोन होते. १९४३ च्या सिसिली चढाईत पोलादी पेट्या जोडून केलेले तरंगते पूल एलएसटीसोबत नेले आणि नाळेपासून कोरड्या वाळूपर्यंत टाकले. नॉर्मंडीत दुसरा उपाय चालला: भरतीला जहाज चढवायचं, ओहोटीला ते कोरडं पडू द्यायचं, गाड्या वाळूवरून सरळ उतरवायच्या आणि पुढच्या भरतीला तरंगून निघायचं. आधी सगळे घाबरले होते, जहाजाचा कणा मोडेल म्हणून. मोडला नाही. सैनिकांनी इंग्रजी आद्याक्षरांवरून एलएसटीला ‘मोठं संथ लक्ष्य’ म्हणून हिणवलं, पण युद्धात बनलेल्या १,०५१ पैकी शत्रूच्या हल्ल्यात २६ गेली आणि वादळ, खडक, अपघातात १३.

चढाईचा दिवस पुढच्या क्रमाने चाले. जहाजाच्या कुशीवर दोरखंडाची जाळी सोडतात आणि सैनिक चार-चारच्या रांगेत उतरतात. हात उभ्या दोरांवर आणि पाय आडव्या दोरांवर ठेवायचे. आडव्याला हात लावला तर वरच्याचा बूट बोटांवर पडतो. शिरस्त्राणाचा हनुवटीचा पट्टा सुटा, पिशवीचे पट्टे ढिले, कारण पाण्यात पडलं तर ओझं लगेच टाकता आलं पाहिजे. जड शस्त्रं दोरीने वेगळी खाली सोडायची. बोटीतले दोघे जाळी ताणून धरतात, आणि माणसाने बोटीत पाय टाकायचा तो बोट लाटेच्या माथ्यावर असताना. ती खाली जात असताना टाकला तर पाय मोडतो, किंवा माणूस बोट आणि जहाज यांच्यात सापडतो. भरलेल्या बोटी गोल फिरत बाकीच्यांची वाट पाहतात. सगळ्या भरल्या की प्रस्थान-रेषेवर आडव्या रांगेत लागतात आणि नियंत्रण-नौकेच्या खुणेवर निघतात. रांगांमध्ये काही मिनिटांचं अंतर ठेवलेलं असतं.

किनारा आला की वेग कमी करायचा नाही. अर्धवट वेगात टेकलेली बोट नीट चढत नाही आणि लाट तिला फिरवते. टेकल्यावरही इंजिन पुढेच चालू ठेवायचं, म्हणजे नाळ वाळूत दाबलेली राहते. सुकाणूने पिछाडी लाटेला काटकोनात धरायची. रॅम्प पाडायचा, माणसं गेली की लगेच उचलायचा. रॅम्प खाली असताना इंजिन उलटं घेतलं तर तो वाळू आणि पाणी खरवडत बोट भरतो. मागे नीट खोल पाणी येईपर्यंत वळायचं नाही. मोठ्या बोटींना, रणगाडे नेणाऱ्या एलसीटी आणि एलएसटींना, मागे नांगर असतो. तो किनाऱ्याच्या पुरेसा आधी टाकायचा आणि निघताना चरखाने ओढायचा. फार जवळ टाकला तर धरत नाही, फार लांब टाकला तर तार संपते आणि जहाज टेकण्याआधीच अडतं. गोव्यातल्या आणि कोकणातल्या खाड्यांतल्या फेरीबोटींची फळी याच घराण्यातली दिसते, पण त्या बांधलेल्या उतारावर, बिनलाटेच्या पाण्यात टेकतात, म्हणून त्यांना यातल्या बऱ्याच गोष्टींची गरज पडत नाही.

बिघडतं ते बहुतेक वेळा पिछाडीला. लाटेने पिछाडी एकदा ढकलली की बोट किनाऱ्याला समांतर होते, पुढची लाट कुशीवरून आत येते, इंजिन विझतं आणि मागून येणारी बोट तिच्यावर आदळते. ८ नोव्हेंबर १९४२ रोजी मोरोक्कोत फेडालाला हे मोठ्या प्रमाणावर झालं. नवखे तांडेल, अंधार, जोरदार लाटा आणि प्रमाणाबाहेर भरलेल्या बोटी. चाळीस टक्क्यांच्या आसपास बोटी त्या किनाऱ्यावर फुटल्या किंवा अडकल्या. शत्रूपेक्षा लाटेने जास्त नुकसान केलं. दुसरा नेहमीचा बिघाड म्हणजे इंजिन थंड ठेवणाऱ्या पाण्याबरोबर वाळू ओढली जाते, गाळणी तुंबते आणि इंजिन तापून बंद पडतं. तिसरा, किनाऱ्याच्या आधीच वाळूचा दांडा लागतो, तांडेलाला वाटतं पोचलो, रॅम्प पडतो, आणि दांड्याच्या पलीकडे डोक्यावर पाणी असतं. यावर नियम एकच: दांड्यावर अडलात तर रॅम्प पाडू नका, लाटेबरोबर जोर देऊन पुढे रेटा.

टारावात दांड्याच्या जागी प्रवाळाची कड होती. २० नोव्हेंबर १९४३ रोजी बेटिओ बेटाभोवतीच्या प्रवाळावर पुरेसं पाणी असेल असा अंदाज होता. भरलेल्या हिगिन्स बोटीला तीन-साडेतीन फुटांहून अधिक पाणी लागतं. पण तो भांगाच्या भरतीचा काळ होता आणि पाणी चढलंच नाही. गिल्बर्ट बेटांत अनेक वर्षं राहिलेल्या मेजर फ्रँक हॉलंड यांनी याची सूचना दिली होती. बोटी किनाऱ्यापासून पाचशे यार्डांहून लांब प्रवाळाला अडल्या आणि मरीन तिथून पाण्यातून चालत गेले. पार झाले ते फक्त एलव्हीटी, म्हणजे पट्ट्यांवर चालणाऱ्या पाण्या-जमिनीच्या गाड्या. फ्लोरिडातल्या दलदलीत वादळग्रस्तांना सोडवायला डोनाल्ड रोब्लिंग यांनी जी गाडी बनवली होती, तिचीच ही लष्करी आवृत्ती. अशा १२५ होत्या आणि बहुतेक लढाईत निकामी झाल्या. ७६ तासांत सुमारे एक हजार अमेरिकन मेले. बोटीचा दोष इतकाच की तिला प्रवाळाच्या कडेवर पाठवलं. त्यानंतर पॅसिफिकमध्ये पहिल्या लाटा एलव्हीटीतून पाठवायची पद्धत पक्की झाली.

ओमाहाला अडचण उलटी होती. तिथे भरती-ओहोटीत साडेपाच-सहा मीटरचा फरक. जर्मन सेनापती रोमेलने ओहोटीच्या पट्ट्यात खांब, पोलादी काटे आणि सुरुंग लावून ठेवले होते. भरतीला उतरायचं तर बोटी त्यांवर फुटतील. ओहोटीला उतरायचं तर सैनिकांना तीनशे मीटरच्या आसपास उघडी वाळू चालावी लागेल. निर्णय झाला ओहोटी संपून तासाभराने, साडेसहाला, चढत्या पाण्यावर उतरायचं. चढत्या पाण्याचा फायदा असा की अडकलेली बोट काही मिनिटांत आपोआप सुटते, म्हणून उतरत्या पाण्यावर चढाई करायची नाही हा जुना नियम आहे. तोटा असा की सुरुंग काढणाऱ्यांना जेमतेम अर्धा तास मिळाला. सोळा वाटा मोकळ्या करायच्या होत्या, मोजक्याच झाल्या, आणि पाण्याने बाकीचे अडथळे झाकले. त्यात बोटी किनाऱ्यापासून दहा-अकरा मैलांवर पाण्यात सोडल्या होत्या. सैनिक तीन तास लाटांत भिजत, ओकत, शिरस्त्राणांनी पाणी उपसत आले, आणि पूर्वेकडे वाहणाऱ्या प्रवाहाने बऱ्याच बोटी ठरलेल्या जागेपासून सरकवल्या. कापडी पडद्याच्या आधाराने तरंगणाऱ्या रणगाड्यांत एका बटालियनचे २९ पाण्यात सोडले, २७ बुडाले. नॉर्मंडीतल्याच युटाह किनाऱ्यावरही सैनिकांना प्रवाहाने सुमारे दोन हजार यार्ड सरकवलं, पण तिथे ते नशिबाने कमी संरक्षणाच्या जागी पोचले.

किनाऱ्याचा तळ आधी तपासायचं काम ब्रिटिशांची सीओपीपी ही छोटी तुकडी करी. १९४३ च्या शेवटच्या रात्री तिचे दोघे नॉर्मंडीच्या वाळूत पोहत गेले आणि गिरमिटाने तळाचे नमुने घेऊन आले, कारण तिथे वाळूखाली मऊ माती असल्याची शंका होती. शंका खरी निघाली, आणि मऊ पट्ट्यांवर गाड्यांपुढे जाड कापडी गालिचा अंथरणारे रणगाडे बनले.

बोटी किती कमी होत्या याचा परिणाम आपल्या बाजूच्या समुद्रापर्यंत पोचला. अंदमानवर चढाई करायची योजना डिसेंबर १९४३ मध्ये रद्द झाली, कारण लँडिंग क्राफ्ट युरोपकडे हवे होते. दक्षिण फ्रान्सची चढाई नॉर्मंडीबरोबर व्हायची ती एलएसटींच्या तुटवड्याने १५ ऑगस्ट १९४४ वर गेली. २८ एप्रिल १९४४ रोजी इंग्लंडच्या किनाऱ्याजवळ सरावात जर्मन टॉर्पेडो बोटींनी दोन एलएसटी बुडवल्या आणि तिसरीला टॉर्पेडो मारला. ७४९ जण गेले. त्यांतले बरेच नुसत्या गारठ्याने किंवा टॉर्पेडोने नव्हे, तर तरंगता पट्टा काखेखाली न बांधता कमरेला बांधल्यामुळे गेले. कमरेला बांधलेला पट्टा फुगला की जड पाठीसह माणूस डोकं खाली करून उलटतो. हा पट्टा नीट कसा बांधायचा, हे त्यांना शिकवलेलं नव्हतं.

आशियातले किनारे चिखलाचे. महाराष्ट्रात खडकवासल्याच्या तलावाच्या उत्तर काठावर अशा चढाईचं प्रशिक्षण केंद्र होतं आणि ‘अँगोस्तुरा’ नावाची जहाजाची प्रतिकृती उभी केली होती. एनडीएसाठी ती जागा निवडताना याचाही विचार झाला. पण तलावावर जाळी उतरायला शिकता येतं, चिखल शिकता येत नाही. १२ जानेवारी १९४५ रोजी ब्रह्मदेशातल्या आराकानमध्ये म्येबोनला पहिल्या लाटा ठीक उतरल्या, नंतर पाणी उतरत गेलं आणि मागच्यांना कमरेएवढ्या चिखलातून जावं लागलं. ९ सप्टेंबर १९४५ रोजी मलायात मोरिबच्या किनाऱ्यावर हिंदी तुकड्या उतरल्या तेव्हा जपान शरण आलेला होता. वर वाळूचा पातळ थर आणि खाली गाळ, त्यामुळे गाड्या रुतल्या आणि भरतीत बुडाल्या. समोर शत्रू लढत असता तर त्या दिवसाचा हिशोब फार वेगळा झाला असता.

डिसेंबर १९७१ मध्ये, बांगलादेशच्या युद्धात, तिथल्या कॉक्स बाजारच्या दक्षिणेला भारतीय नौदलाच्या ‘घडियाल’ आणि ‘गुलदार’ या पोलिश बनावटीच्या जहाजांतून गोरखा सैनिक उतरवायचे होते. किनाऱ्याचा ताजा सर्व्हे नव्हता. जहाज वाळूच्या दांड्यावर टेकलं आणि दांडा व किनारा यांच्यामध्ये खोल पाणी निघालं. रॅम्पवरून उतरलेले पहिले जवान डोक्यावरच्या पाण्यात गेले, काही बुडाले, आणि उतरवणं थांबवावं लागलं. बाकीच्या फौजेला स्थानिक होड्या मिळवून किनाऱ्याला न्यावं लागलं. अशा किनाऱ्यावर शिशाचा ओळंबा लावलेली एक दोरी घेऊन आधी छोटी होडी पाठवायची आणि दांड्याच्या आतली खोली दर दहा मीटरला मोजून घ्यायची, हे काम ओहोटीच्या वेळी तासाभरात होतं.